ओळ संपल्यावर

निशिकांत रेग्यांशी फोनवर बोलायची एक पंचाईत होती. तुम्ही बोलत असेपर्यंत पलीकडे चिडीचूप. फोन कटला की काय, अशी शंका यायला लागावी, तेवढ्यात तुमचं वाक्य संपे आणि बरोबर त्या जागी त्यांचा ‘हं’ येई. ना अलीकडे, ना पलीकडे. सिंगापुरातली मराठी मंडळी त्यांना कुणी घुमा म्हणत, कुणी देवमाणूस म्हणत. दोन्हीत तथ्य नव्हतं. रेगे साथीदार होते, आणि साथीदाराने गाणाऱ्याच्या शब्दावर पाय द्यायचा नसतो, इतकी ती साधी गोष्ट होती.

वाद्य त्यांचं स्टील गिटार. मांडीवर आडवी घ्यायची आणि डाव्या हातातली लोखंडी दांडी तारांवरून सरकवायची, की सूर माणसासारखा गळा काढतो. पार्ल्यात असताना ते क्लासला जाऊन हे शिकले, आणि गणेशोत्सवातल्या ऑर्केस्ट्रात गायकाच्या मागे तिसऱ्या खुर्चीवर बसून वाजवत राहिले. पुढे सॉफ्टवेअरच्या नोकरीवर सिंगापूरला यायचं ठरलं, तेव्हा सामानावरून घरात वादावादी झाली. शेवटी शुभा, म्हणजे त्यांची बायको, म्हणाली, “अहो, कुकर राहू दे इथेच, तिकडे मिळेल. पण ती गिटार घ्या. नाहीतर संध्याकाळी तुमचं तोंड मला बघवणार नाही.” अशी ती गिटार कुकरच्या जागेवर बसून आली.

ऑफिसच्या वार्षिक जेवणात रेग्यांनी भीत भीत एक जुनी फिल्मी धून वाजवली. अकाउंट्समधला हेंग नावाचा सहकारी समोरचा मासा तसाच सोडून उठला आणि म्हणाला, “शुक्रवारी माझ्याबरोबर यायचं.” हेंग फावल्या वेळात ड्रम वाजवायचा. कातोंगमधल्या एका पबमध्ये बर्निस सिक्वेरा नावाची युरेशियन बाई कंट्री गाणी गायची, तिच्या मागे.

कंट्री म्हणजे अमेरिकेतल्या गावाकडची गाणी. त्यात आधी बायको सोडून जाते, मग कुत्रा मरतो, मग ट्रक बंद पडतो. इतकं झाल्यावर कुणीतरी रडायला हवंच, आणि ते काम स्टील गिटारचं. गाणारी बर्निस, जिने उभ्या जन्मात घोडा पाहिला तो रेसकोर्सवर, ड्रमवर हेंग, बेस गिटारवर इस्माईल, जो दिवसा बस चालवायचा, आणि रडायला पार्ल्याचे रेगे. हसायला कुणाला हसू येईल, पण गाणं रंगायचं.

बर्निसचा नियम एकच होता. “मी गाते तेव्हा तू रडायचं नाहीस, निशी. मी थांबले की रड.” ओळ तिची, ओळीचं टोक यांचं. दहा-अकरा वर्षं हे चाललं. एवढ्या काळात रेग्यांना एकाही गाण्याचे शब्द पाठ झाले नाहीत. खरं सांगायचं तर चालही पुरती ठाऊक नव्हती. त्यांना पक्की ठाऊक होती ती टोकं.

घरातही तेच. हौगांगच्या फ्लॅटमध्ये दर रविवारी टेक्काच्या बाजारातून मेथी येई. शुभा जमिनीवर वर्तमानपत्र पसरून निवडायला बसे आणि निवडता निवडता काहीतरी गुणगुणे. शब्द नाहीत, नुसती चाल. चार ओळींची. एक ओळ संपली की हातातली देठं बाजूला टाकायची, तेवढी उसंत. रेगे समोर गिटार घेऊन बसलेले असत. त्या उसंतीत ते अलगद एक उत्तर सरकवत. “अहो, मी मेथी निवडतेय, मैफल नाही करत,” शुभा म्हणे, आणि दुसरी ओळ सुरू करी. त्यांच्या संसारातला हा सगळ्यात सुखाचा अर्धा तास होता. हे त्यांनी तिला कधी सांगितलं नाही. ती चाल कुठली, कुणाची, हेही विचारलं नाही. विचारू पुढच्या रविवारी, घाई काय आहे!

दोन हजार पाचच्या सुमारास बर्निस मुलीकडे पर्थला निघून गेली. नवरी गेल्यावर वऱ्हाड किती दिवस मांडवात बसणार? हेंग आणि इस्माईल आपापल्या वाटेला लागले. रेग्यांना त्याचं फारसं दुःख झालं नाही, कारण रविवार शाबूत होता. दोन हजार अकरात शुभा गेली. दुखणं पोटाचं होतं आणि कळलं तेव्हा उशीर झाला होता. रेग्यांनी गिटार पलंगाखाली सरकवली.

मेथी मात्र ते आणत राहिले. पाय आपसूक टेक्काकडे वळत. जुडी घेऊन ते पुंगोलला ऋचाकडे जात. ऋचा म्हणजे त्यांची एकुलती एक मुलगी. पुंगोल हौगांगपासून हाकेच्या अंतरावर, पण हाक मारायची कुणी? ऋचा बँकेत, जावई सारंग सदा दौऱ्यावर, नातू अथर्व आजोबांना इंग्रजीत उत्तरं देणारा. जुडी फ्रीजमध्ये जाई आणि पुढच्या रविवारपर्यंत पिवळी पडे. रेगे ती पाहत, काही बोलत नसत, आणि नवी जुडी तिच्या शेजारी ठेवत.

फ्लॅटमध्ये आता ‘हं’ म्हणायलाही कुणाचं वाक्य उरलं नव्हतं. एकदा टीव्हीवर बातम्या देणाऱ्या बाईचं वाक्य संपलं आणि रेगे “हं” म्हणून गेले. मग एकटेच असून ओशाळले. त्यांनी टीव्ही बंद केला आणि जेवून घेतलं.

दोन हजार पंधरात हेंगचा फोन आला. बर्निस वारली होती. इस्माईलसह तिघे हौगांगच्या हॉकर सेंटरमध्ये, खाण्याच्या टपऱ्यांच्या मंडपात, कोपी म्हणजे तिथली दाट कॉफी घेत बसले. हेंगने पिशवीतून बर्निसची एकुलती एक कॅसेट काढली. वर हॅट घातलेली बर्निस, आणि खाली बारीक अक्षरात, ‘अँड द बॉइज’.

“बॉइज!” हेंग भडकला, सिंगापुरी ‘लाह’सकट. “मला नातवंडं आहेत लाह! आपण आपली सीडी काढू. जुनी गाणी घेऊ, आणि प्रत्येकाची स्वतःची एक धून. नावं ठळक, मुखपृष्ठावर.”

इस्माईल हसून हो म्हणाला. रेगेही हो म्हणाले, पण त्यांना नावाची पडली नव्हती. हेंग ‘स्वतःची एक धून’ म्हणाला त्याच क्षणी त्यांच्या डोळ्यांपुढे मेथीची देठं आली होती. शुभाची ती चाल त्यांना परत हवी होती. सीडी नुसतं निमित्त.

घरी येऊन त्यांनी गिटार बाहेर ओढली, नव्या तारा चढवल्या, दांडी टेकवली. पहिल्या ओळीचं उत्तर लख्ख आलं. दुसऱ्या ओळीचंही आलं. चारही उत्तरं आली, कालच वाजवल्यासारखी. ओळी मात्र नव्हत्या. जिथे शुभा होती तिथे हात दांडी उचलून गप्प थांबत होता. ओळ किती लांब, श्वास कुठे, देठं कधी पडली, सगळं ठाऊक. सूर एक नाही. रेगे घाबरले. इतकी वर्षं आपण बायकोला ऐकलं, की फक्त तिचं संपायची वाट पाहिली? या प्रश्नासरशी ते गिटारवर डोकं टेकवून रडले. आणि या वेळी ओळ संपायची वाट पाहिली नाही.

मग त्यांनी ऋचाला फोन लावला. “आई मेथी निवडताना काहीतरी गुणगुणायची. आठवतंय तुला?”

“गुणगुणायची?” ऋचा म्हणाली. “नाही रे बाबा. मी आत अभ्यास करत असायचे, हेडफोन लावून. तुझ्यासमोर बसायची ना ती? तुलाच माहीत असणार.”

“हं.”

“बाबा, मी मीटिंगमध्ये आहे. संध्याकाळी करते.”

संध्याकाळी फोन आला नाही. रेग्यांनी तिला दोष दिला नाही, पण फोन जवळ घेऊन बसले खरे.

स्टुडिओ ताई सेंगच्या एका औद्योगिक इमारतीत होता. खाली फिशबॉलचा कारखाना. मालाच्या लिफ्टमधून माशाच्या वासासकट वर जायचं. रेकॉर्डिंग करणाऱ्या मिस गोह पन्नाशीच्या, मोजकं बोलणाऱ्या. पहिलं गाणं झालं. तिघांनाही वाटलं, काय वाजवलंय! मिस गोहनी ते परत ऐकवलं. ठेका चोख, बेस चोख, ओळीच्या टोकाला गिटारचं रडणं चोख. मध्ये काहीच नाही. सवयीप्रमाणे तिघांनीही बर्निसला वाट करून दिली होती.

“गाणारी कधी येणार?” मिस गोहनी विचारलं.

हेंगला हसू फुटलं. तो इतका हसला की त्याने चष्मा काढून डोळे पुसले, आणि पुसतच राहिला. इस्माईल म्हणाला, “निशी, तू घे चाल. गिटार गाते तुझी.” रेग्यांनी घेतली. पण ओळ सुरू झाली की दांडी उचलली जाई. पुन्हा केलं, पुन्हा तेच. जित्याची खोड! शेवटी हेंगने ड्रमच्या मागून शिट्टीवर चाल धरली, अधूनमधून इस्माईलने बेसवर धरली, आणि जुनी गाणी कशीबशी मार्गी लागली.

मग रेग्यांची पाळी आली.

“माझ्याकडे धून नाही,” ते म्हणाले. “फक्त टोकं आहेत.”

“कुणाच्या धुनेची?” इस्माईलने विचारलं.

“बायकोच्या.”

इस्माईल बराच वेळ गिटारचा पट्टा सारखा करत राहिला. शुभाच्या हातची पुरणपोळी त्याने खाल्ली होती. “मग अडलंय कुठे?” तो म्हणाला. “साथच करायची आहे ना? तेवढी आपल्याला येते.”

तिघांनी साथ केली. रेगे ओळीच्या लांबीइतके थांबत, मान हलवून खूण करत, आणि उत्तर देत. चार ओळी, पुन्हा चार ओळी. मिस गोहनी काचेपलीकडून विचारलं, “इथे शिट्टी टाकायची का?”

“नको,” हेंग म्हणाला. “ती जागा रिकामी नाहीये.”

रेग्यांनी दांडी पुसून खोक्यात ठेवली. मित्र भले होते, पण ती जागा रिकामीच होती, हे त्यांच्याइतकं कुणाला ठाऊक असणार?

सीडी आली. तिघांची नावं ठळक आली. मग तिघांच्या लक्षात आलं, की सीडी वाजवायचं यंत्र आता फारसं कुणाच्या घरी उरलेलं नाही. हेंगच्या मुलाने तर ती कोपीखाली ठेवायला छान आहे म्हणून सांगितलं. रेग्यांकडे मात्र जुना प्लेअर होता. रविवारी तो त्यांनी बाजाराच्या चाकांच्या पिशवीत घातला, वर मेथीची जुडी ठेवली आणि मेट्रोने पुंगोलला गेले.

सारंग जकार्ताला होता. ऋचाकडची कामवाली सुट्टीवर होती. “आण ती मेथी, बाबा,” ऋचा म्हणाली. “आज बाहेरून मागवायचा कंटाळा आलाय. करतेच.” ती सोफ्याला टेकून जमिनीवर बसली आणि कसलीशी जाहिरातीची पानं पसरून निवडायला लागली.

रेग्यांनी सीडी लावली. हेंगची शिट्टी सुरू झाली. “आजोबा, सो स्लो लाह,” म्हणून अथर्व आतल्या खोलीत पळाला. “छान आहे, बाबा,” ऋचा मान वर न करता म्हणाली. एकामागून एक गाणी झाली. मग शेवटचं लागलं. रेग्यांनी तिला त्याविषयी काही सांगितलं नव्हतं. सांगून काय करायचं?

ठेका, बेस, पहिली रिकामी ओळ. टोकाला गिटार. ऋचाची बोटं पानं खुडत होती.

दुसऱ्या रिकाम्या ओळीत सूर आला.

रेग्यांना आधी वाटलं, प्लेअर बिघडला. मग दिसलं, ऋचाचे ओठ मिटलेले होते आणि गळा हलत होता. ती गुणगुणत होती. तीच चाल. पहिल्या सुरालाच रेग्यांनी ओळखली. ओळ संपली, ऋचाने देठं बाजूला टाकली, आणि बरोबर त्या उसंतीत सीडीतल्या गिटारने उत्तर दिलं. तिसरी ओळ वर चढली. हो, ती वरच चढायची! रेगे हलले नाहीत. आपण हूं की चूं केलं तर हिला भान येईल आणि सगळं जाईल, एवढंच त्यांना कळत होतं. आयुष्यभर केलं तेच त्यांनी केलं. गप्प राहिले. पण या वेळी टोकाची वाट पाहिली नाही, एकेक सूर उचलून ठेवला.

“ममा!” अथर्व आतून ओरडला.

“आले रे,” म्हणत ऋचा उठून गेली. चौथी ओळ रिकामीच गेली. तिच्या टोकाला गिटार एकटीच रडली. सीडी संपून प्लेअर बंद पडला.

ऋचा परत आली. “बाबा, ते शेवटचं गोड होतं. कुठलं गाणं रे?”

आपण कधीच न विचारलेला प्रश्न रेग्यांनी पहिल्यांदा ऐकला. उत्तर त्यांच्याकडे नव्हतं. “पुन्हा लावू?” त्यांनी विचारलं. “तू निवड तुझी मेथी.”

“झाली की,” ऋचा देठांसकट जाहिरातीची पानं गोळा करत म्हणाली. “एवढीशी तर जुडी होती.”

“हं,” रेगे म्हणाले. मग, ओळ त्यांची नसतानाही, पुढे बोलले. “पुढच्या रविवारी दोन आणतो.”