नेहमीचं कारण

कोर्टाच्या जिन्याखाली बसणाऱ्या टायपिस्टना सगळे वकील कावीळकाका म्हणत. काकांना स्वतःला कधी कावीळ झाली नव्हती. पण मुदत उलटून गेलेलं अपील दाखल करून घ्यावं, असा अर्ज टाइप करायचा असला की उशिराच्या कारणात ते हमखास कावीळ घालत. त्यांच्या मते ताप फारच किरकोळ, हृदयविकार जरा अतीच. कावीळ बरी, माणसाला अंथरुणाला खिळवते आणि मागे खूण ठेवत नाही. त्यांचे सगळे अर्ज खरे मानले असते तर अर्धं शहर पिवळं पडलं असतं.

सुरुवातीला ते खरं लिहीत. तुरुंगातल्या एका गवंड्याचा भाऊ पत्त्यांच्या नादात अपिलाची मुदत विसरला, तसं त्यांनी लिहिलं. अर्ज फेटाळला गेला, अपील कोणी उघडूनही पाहिलं नाही, गवंडी आतच राहिला. ते काकांच्या मनाला फार लागलं. तेव्हापासून कावीळ.

एके दिवशी सरकारने दिलेले वकील एका बाईंना घेऊन आले. बाई कपड्यांना इस्त्री करून देत. मारामारीत एकाचं डोकं फोडलं म्हणून त्यांच्या मुलाला शिक्षा झाली होती, आणि अपिलाची मुदत केव्हाच टळली होती.

"काका, नेहमीचं कारण टाका," म्हणून वकील पायऱ्या चढून गेलेसुद्धा.

"खरं काय झालं होतं?" काकांनी टाइप करता करता विचारलं.

"राग आला होता. मारामारीच्या दिवशी जाऊ नकोस म्हणून दारात आडवी उभी राहिले, तरी गेलाच. निकालाची नक्कल घरी आली, ती मी इस्त्रीच्या टेबलावरच्या ब्लँकेटखाली सारली. भोग आता, म्हटलं. रोज वरून इस्त्री फिरवत होते."

"आणि तो?"

"तुरुंगात सांगून बसला, आई अपिलाचं बघतेय. परवा भेटायला गेले, तर एवढंच विचारलं, आपलं अपील कधी लागणार?"

काकांना वाईट वाटलं. पण राग हे काही कारण झालं नाही. त्यांनी बाईंना कावीळ करून टाकली आणि वाचून न दाखवताच कागद पुढे सरकवला. बोट ठेवलं तिथे बाईंनी सही केली.

सुनावणीला काका कधी जात नसत. या वेळी मागच्या बाकावर जाऊन बसले.

"कावीळ कुणाला झाली होती?" न्यायाधीशांनी विचारलं. वकिलांनी बाईंकडे हात केला.

"मला?" बाई म्हणाल्या. "मला साधी सर्दी होत नाही, साहेब. मला राग आला होता." आणि ब्लँकेटपर्यंतचं सगळं त्यांनी सांगून टाकलं.

न्यायाधीशांनी वकिलांची चांगलीच खरडपट्टी काढली. मग चष्मा पुसत म्हणाले, "शिक्षा मुलगा भोगतोय, अपीलही त्याचंच आहे. बाहेरच्या माणसाच्या रागापायी आतल्याचं म्हणणं ऐकायचंच नाही, असं होणार नाही. उशीर माफ. अपील दाखल करून घ्या."

काकांचा जीव भांड्यात पडला. पण जिना उतरताना त्यांच्या मनात वेगळंच आलं, आणि ते बाईंना गाठून म्हणाले, "बाई, उशीर कशामुळे झाला ते आता आदेशात लिहिलं जाईल. त्याची नक्कल तुरुंगात जाते. आईनेच कागद दाबून ठेवला होता, हे तो वाचेल."

बाई थांबल्या. पदराने तोंड पुसलं.

"वाचू दे. मी आजारी होते असं वाचलं असतं, तर आत बसून जिवाला घोर लावून घेतला असता. माझा राग त्याला लहानपणापासून ठाऊक आहे."