आयर्लंडचं आख्यान

माझा आयर्लंडचा इतिहास तिसऱ्या प्रकाशकानं साभार परत पाठवला, त्या दिवशी मी रागानं जेवायला उठलेच नाही. सोबत दोन ओळींची चिठ्ठी होती: विषय परका, आणि लेखिका गृहिणी. तळपायाची आग मस्तकात गेली. सासरे, ज्यांना सगळं निपाणी गाव आप्पा म्हणायचं, दारात येऊन म्हणाले, "पोरी, उपाशी बसून पुस्तकं छापत्यात व्हय? भाकरी खा आधी."

आयर्लंडचं खूळ माझ्या डोक्यात शिरलं ते बेळगावात, कॅम्पातल्या इंग्रजी शाळेत. आम्हांला भूगोल शिकवायला एक गोऱ्या बाई होत्या. आम्ही जवळच्या अनगोळच्या मुली त्यांना इंग्रज समजायचो, आणि एकदा मी तसं तोंडावर बोलून गेले. बाईंचा चेहरा लालबुंद झाला. "मी आयरिश आहे," त्या म्हणाल्या, आणि भूगोल राहिला बाजूला, तास संपेपर्यंत त्या आपल्या देशाबद्दल बोलत राहिल्या. गोऱ्यांवरही गोरे राज्य करतात, हे मला तोवर कुणी सांगितलंच नव्हतं. पुढं त्यांनी पुस्तकं दिली. लग्न होऊन मी निपाणीला आले तेव्हा ती पेटीत लुगड्यांखाली घालून आणली, आणि दुपारी घर निजलं की मी मराठीत लिहायला बसायची. लिहिलं, खोडलं, परत लिहिलं. आणि आता हे.

आप्पा कीर्तनकार होते. कागलपासून चिकोडीपर्यंत त्यांना बोलावणं असायचं. मी भाकरी मोडत असताना ते म्हणाले, "मला सांग तुझं आयर्लंड. मी आख्यान लावतो त्याचं. सभेला परवानगी मिळत न्हाय, पण देवळातल्या कीर्तनाला कोण आडवतंय?"

मला आनंदानं ठसका लागला. कुणीतरी ऐकणार होतं! मग रोज दुपारी मी वाचायची आणि आप्पा झोपाळ्यावर डोळे मिटून ऐकायचे. मधेच एखाद्या सरदाराला ते फेटा बांधायचे, तिथल्या नदीला माउली म्हणायचे. मी चिडायची, पण सोसलं. शेवटाशी आल्यावर मात्र आमचं जुंपलं. इंग्रजांशी तह झाला, पण सहा जिल्हे इंग्रजांकडंच राहिले, आणि तह मानणारे व न मानणारे एकमेकांच्या जिवावर उठले, हे ऐकून आप्पा ताडकन उठून बसले.

"हे मी सांगनार न्हाय. आख्यानाचा शेवट मंगल पायजे. भावानं भावाला मारलं, ह्यावर मानसं घराकडं लावू मी?"

"पण ते झालंय, आप्पा."

"झालं आसंल की. साहेबाचा झेंडा उतरला, हितंच आरती."

"मग माझं आख्यान लावूच नका," असं म्हणून मी कागद उचलले. दोन दिवस आम्ही एकमेकांशी कामापुरतं बोललो. तिसऱ्या दिवशी मीच कागद परत ठेवले, कारण शेवट नसलेला इतिहास ऐकला जाणं हे अजिबात न ऐकला जाण्यापेक्षा बरं, असं मी मनाला समजावलं. मनाला काही ते पटलं नाही.

तंबाखूचा हंगाम आटोपला होता, त्यामुळं विठ्ठलाचं देऊळ गच्च भरलं. एका बाजूला विड्या वळणाऱ्या बाया, दुसऱ्या बाजूला शेतकरी आणि व्यापारी, आणि खांबाला टेकून एक हवालदार, कीर्तनात राजद्रोह निघतो का ते बघायला पाठवलेला. मी बायांच्यात बसले.

आप्पांनी सुरुवातीलाच सांगितलं, की या देशातला गरीब माणूस बारा महिने बटाट्यावर जगायचा. बायांच्यात कुजबुज झाली. "बारा म्हैनं? म्हंजे रोजच एकादस की गं बाई!" बघता बघता साऱ्या बायांनी आयर्लंडला हात जोडले. मी आप्पांकडं बघून जोरजोरात नाही-नाही अशी मान हलवली. त्यांनी मला बघून न बघितल्यासारखं केलं. पुढं बसलेले एक जैन व्यापारी, तंबाखूचे मोठे अडते, उठून म्हणाले, "आप्पा, कंद खाणाऱ्याला आम्ही हात जोडत न्हाय. पण इतका उपास करत असतील तर जोडतो, काय करायचं!" सगळं देऊळ हसलं, आणि माझा राग कुठल्या कुठं गेला.

मग बटाट्यावर रोग पडला. शेतात हात घालावा तर हाताला कुजक्या बटाट्याचा चिखल लागतोय, आणि तिकडं बंदरातून धान्य भरलेली जहाजं साहेबाच्या देशाला निघालीत, हे आप्पांनी इतक्या हळू आवाजात सांगितलं की टाळकऱ्यांनीही टाळ खाली ठेवले. त्या अडत्यांनी उपरण्यानं डोळे पुसले. जुलमी कारभाऱ्याला गावानं वाळीत टाकलं, तिथं टाळ्या पडल्या. बंडवाल्यांनी शहरातलं पोस्ट धरलं, तिथं एकानं विचारलं, "पोस्टच का म्हनून?" आप्पा म्हणाले, "तुझी मनिऑर्डर कुठं येती रं? मग सरकारचा जीव बी तिथंच." हवालदार लाठी मांडीवर ठेवून ताल धरत होता.

तह झाला. झेंडा उतरला. आप्पांनी हात उंचावला, मृदंग चढला, आणि मी मान खाली घातली. आता आरती होणार, आणि मी लिहिलेलं सगळ्यांत अवघड प्रकरण पेटीतच राहणार. वाईट वाटत होतं, फार वाईट वाटत होतं.

"आप्पा, जरा थांबा की," माझ्या शेजारची म्हातारी ओरडली. विड्या वळून तिची बोटं काळी झाली होती. "मग आता त्यो समदा देश त्येंचाच झाला न्हवं?"

मृदंग थांबला. एक 'व्हय' म्हणून आप्पांना सुटता आलं असतं. त्यांनी विठ्ठलाकडं बघितलं आणि चिपळ्या खाली ठेवल्या.

"आजी, ह्या गादीवर खोटं बोलता येत न्हाय. आनि खरं सांगायला माझा जीव हुईना. हे आख्यान माझं न्हाय, माझ्या सुनंनं लिव्हलंय. तीच सांगंल. ये पोरी, हितं उभी राहा."

बायांनी मला ढकलतच उभं केलं. गादीपर्यंत कशी पोचले ते आठवत नाही. पण एकदा तोंड उघडल्यावर मी काहीही राखून ठेवलं नाही. तुटलेले सहा जिल्हे सांगितले. कालपर्यंत एका घोंगडीत झोपलेले दोघे एकमेकांवर बंदूक रोखून कसे उभे राहिले, तेही सांगितलं. एक फेटा नाही, एक माउली नाही.

बायांनी पदर तोंडाला लावले. मला वाटलं, आप्पांचं खरं होतं, मी या माणसांची रात्र नासवली.

म्हातारी म्हणाली, "भांडंनात का! भांडायला घर तर सोताचं झालं. आमाला त्ये बी न्हाय अजून."

असा हशा उसळला, असा की हवालदारही खो खो हसला आणि मग इकडंतिकडं बघून गंभीर झाला. कुणीतरी विठ्ठलाचा गजर सुरू केला. मृदंग पुन्हा चढला, आणि आरती त्या शेवटावरच झाली.

मी खाली उतरायला लागले तर आप्पांनी अडवलं. कीर्तनाच्या गादीवर जो उभा असेल तो तेवढ्यापुरता नारद, त्याचं वय आणि नातं बघायचं नसतं, येणाऱ्यानं पाया पडायचं. बाया आल्या, अडते आले. सगळ्यांत शेवटी आप्पांनी माझ्या कपाळाला बुक्का लावला आणि खाली वाकले. मी पाय मागं घेतले, मला रडू फुटलं. "आप्पा, नको हो."

"हलू नको," ते वाकलेलेच म्हणाले. "फुडच्या कीर्तनाला, चिकोडीला, पयल्यापास्नं तूच उभी राहायचंस. मी मागं टाळ धरतो."