साफ करायची राहिलेली टेप

कसबा पेठेत तांबट आळीला लागून रेकॉर्डिंग स्टुडिओ काढणारा माणूस एक तर बहिरा असावा, नाहीतर हट्टी. बद्रीनाथ खळदकरांचे कान भलते तिखट होते, तेव्हा उरलं काय ते समजून घ्यावं. सकाळी आठला तांब्याच्या हंड्यांवर हातोडे सुरू व्हायचे ते दुपारी एकला थांबायचे. एक ते चार पुणं झोपतं म्हणून जग हसतं, पण बद्रीनाथांनी त्या तीन तासांवर अख्खा संसार केला. चौऱ्याऐंशी साली त्यांनी स्टुडिओ थाटला तेव्हा पाठीशी ना कुठली कंपनी होती, ना कोणाचा वशिला. भजनी मंडळं, आरत्या म्हणणाऱ्या मावश्या, हौसेने भावगीतं गाणारे बँकेतले कारकून, सगळे भर दुपारी जेवून सुस्तावलेले यायचे आणि गाऊन जायचे. दारावर पाटी होती : 'आत रेकॉर्डिंग चालू आहे. दार वाजवू नये. वाजवल्यास आपला ठोका कॅसेटवर येईल, पण नाव छापले जाणार नाही.'

बद्रीनाथ काचेपलीकडे मशिनपाशी बसत. अलीकडे, गाणाऱ्यांच्या खोलीत, त्यांची बायको सुशीला. नवख्या माणसाला पाणी देणं, धीर देणं आणि प्रत्येक गाण्याआधी माइकवर पुकारा करणं हे तिचं काम. "भजन तिसरं, खेप दुसरी." 'टेक' म्हणायला ती कधीच तयार झाली नाही. "देवाच्या भजनाला इंग्रजी शब्द कशाला?" म्हणायची.

मग बद्रीनाथ टेप साफ करायला बसत. ब्लेडने तिरका छेद घ्यायचा, नको तेवढा तुकडा काढायचा, टोकाला टोक चिकटवायचं. खोकला गेला, खुर्चीची करकर गेली, सुशीलाचा पुकारा तर सगळ्यात आधी गेला. गाणाऱ्याचा श्वाससुद्धा ते ठेवत नसत. खळदकरांची टेप म्हणजे धुतलेला तांदूळ, असं लोक म्हणत, आणि बद्रीनाथांना ते ऐकायला आवडायचं.

कापलेल्या तुकड्यांचं पोतं भरलं की धायरीचे आप्पासाहेब ते घेऊन जात. तुकड्याला तुकडा गाठून ते ज्वारीवर ताणून बांधायचे, वाऱ्याने फरफरलं की पाखरं बसत नसत. वर्षानुवर्षं सुशीलाचे पुकारे धायरीच्या ज्वारीवर फडफडत होते. आता त्या रानात बारा मजली इमारती उभ्या आहेत.

दोन हजार बारा साली सुशीलाच्या घशात गाठ निघाली. ऑपरेशनमध्ये स्वरयंत्र काढावं लागलं. जीव वाचला, आवाज गेला. त्यानंतर ती टाळी वाजवून हाक मारायची, पाटीवर लिहून भांडायची आणि भांडणात पूर्वीसारखीच जिंकायची. ती समोर होती तोवर तिच्या आवाजाची आठवण काढायची बद्रीनाथांना गरज वाटली नाही. दोन वर्षांपूर्वी ती गेली.

यंदा मालकाने जागा विकली. महिनाअखेर स्टुडिओ रिकामा करायचा आणि बद्रीनाथांनी मुलीकडे, नम्रताकडे, वारज्याला राहायला जायचं असं ठरलं. टेपा भंगारवाला नेणार होता. आवराआवर चालू असताना नम्रताची आठ वर्षांची राजनंदिनी सहज म्हणाली, "आजोबा, तुमच्याकडे सगळ्यांचे आवाज आहेत ना? मला आजीचा लावा ना. मी कधीच ऐकला नाहीये."

बद्रीनाथ "हो, लावतो की" म्हणाले आणि त्यांनी टेप लावली. नाही. दुसरी लावली. नाही. पुढचे सोळा दिवस हा एकाहत्तर वर्षांचा माणूस रोज सकाळपासून टेपा ऐकत बसला. आता आळीत हातोडे फारसे उरले नव्हते, दिवसभर शांतता होती, पण तिचा काही उपयोग नव्हता. प्रत्येक टेपेवर गाणं चोख सुरू होत होतं आणि चोख संपत होतं. जिथे सुशीला असायला हवी तिथे चिकटपट्टीचा सांधा होता. स्वतःच्या हाताने केलेलं ते साफ काम पाहून त्यांना रडू आलं, आणि ते रडले.

सतराव्या दिवशी वरच्या फळीवर एक खोकं सापडलं. त्यावर सुशीलाचंच अक्षर : 'सोजरबाई, धायरी. साफ करायची आहे.'

सोजरबाई म्हणजे आप्पासाहेबांची आई. एक्याण्णव साली आप्पासाहेबांनी तिला जात्यावरच्या ओव्या गायला आणलं होतं. आठवड्याभरात म्हातारी गेली. बद्रीनाथांनी टेपेचं विचारलं तेव्हा आप्पासाहेब म्हणाले होते, "राहू द्या, साहेब. आईचा आवाज हाय त्यात, आयकवत न्हाई." म्हणून ब्लेड लागलं नव्हतं.

बद्रीनाथांनी नम्रताला फोन केला. ती राजनंदिनीला घेऊन दुपारी आली आणि स्पीकरसमोर मोबाइल रेकॉर्डिंगला लावून बसली. बद्रीनाथांनी मशीन स्पिरिटने पुसलं आणि टेप सुरू केली.

आधी खरखर, मग म्हातारीचा घाबरा आवाज. "बाई, जातं न्हाई तर मला वंवी सुचंल कशी?"

आणि मग ती. भरदार, थोडी हसरी. "बिचकू नका, सोजरबाई. माझ्या मांडीवर हात फिरवा, हेच जातं समजा. मीपण म्हणते तुमच्याबरोबर." आणि सुशीला गायला लागली, "दळण सरलं बाई, उजेड आला दारी..."

ती गाऊ शकते हे बद्रीनाथांना ठाऊकच नव्हतं. अठ्ठावीस वर्षं ती माइकसमोर बसली होती आणि त्यांनी एकदाही विचारलं नव्हतं.

ओळ अर्धीच झाली. टेपेतच, काचेपलीकडून खोलीतल्या स्पीकरवर एक करडा आवाज आला. "सुशीला, तू गप्प बस. टेप वाया जातेय."

मग तिचाच आवाज, पण सपाट, कामाचा. "ओवी पहिली, खेप दुसरी." त्यापुढे एकटी सोजरबाई गात राहिली.

"आजीला कोण ओरडलं?" राजनंदिनीने विचारलं.

"मी," बद्रीनाथ म्हणाले.

नम्रताने डोळे पुसले. वडिलांकडे न बघता ती हळूच म्हणाली, "बाबा, मी फोनवर तेवढं तुमचं वाक्य कापून टाकते. मग नुसती आई राहील. एका मिनिटाचं काम आहे."

"मला ठाऊक आहे किती वेळाचं काम आहे ते," बद्रीनाथ म्हणाले. त्यांनी खिशातलं ब्लेडचं पाकीट काढून भंगाराच्या ढिगावर ठेवलं. "कापू नकोस. आम्ही दोघं एकमेकांशी बोललेलं एवढंच उरलंय."