वडनेरचे एक्केचाळीस नमुने

डॉ. अच्युत नाफडे यांचा बावीस वर्षांचा दिनक्रम ठरलेला होता. सकाळी यकृताच्या रुग्णांची ओपीडी, दुपारनंतर जीवरसायनशास्त्राची प्रयोगशाळा. दारूबंदीच्या वर्धा जिल्ह्यात रोग्याला पिण्याबद्दल विचारले की तो नाहीच म्हणणार, हे त्यांना पुरते ठाऊक होते. म्हणून ते बायकोला वेगळे बसवून विचारत आणि ती सांगेल ते नोंदवहीत लिहीत. बायका कशाला खोटे बोलतील?

वडनेर भागातल्या एक्केचाळीस बायकांनी पोराबाळांची शपथ घेऊन नाही म्हटले. पण त्यांच्या नवऱ्यांचे रक्त तपासले, तर आकडे थेट दारुड्याचे. न पिताही यकृत असे कडक होते, म्हणजे दोष घराण्याच्या रक्तातच असला पाहिजे, असे डॉक्टरांनी मांडले. ते नमुने फ्रीजरमध्ये वर्षानुवर्षे जपले. गेल्या वर्षी निबंध छापून आला, वर्तमानपत्रात वडनेरच्या नावानिशी बातमी आली, त्यांच्या पिपरी मेघेच्या घरी लोक पुष्पगुच्छ घेऊन आले. निवृत्तीला दीड वर्ष उरले होते. केल्याचे चीज झाले, असे त्यांना वाटले.

मार्चमध्ये वडनेरची आनंदाबाई आली. तिचा नवरा रूपराव नऊ वर्षांपूर्वी त्यांच्याच वॉर्डात वारला होता. एक्केचाळिसांतला तो सातवा. आता नातीचे, अपेक्षाचे, आर्वीला जमलेले लग्न मोडले होते. पाहुण्यांनी बातमीचे कात्रणच पुढे केले म्हणे. असल्या रक्ताची मुलगी त्यांना नको होती.

असा आजार घरातल्या प्रत्येकाला होतोच असे नाही, हे डॉक्टर समजावू लागले. तिने मध्येच थांबवले.

“रक्ताचं काई नाई, साहेब. रोज पेत होते ते. तेवढं कागदावर लिहून द्या.”

“तुम्ही तर माझ्यासमोर नाही म्हणाला होतात.”

“मंग काय सांगू? आमच्या गावच्या तानबानं खरं सांगतलं, त्याले तुमी दारातूनच वापस पाठवलं. दोन महिन्यांत मेला तो. तईच आमी बायाईनं ठरवलं, डॉक्टरले पेण्याचं सांगाचं नाई. समद्याईचेच नवरे पेत होते.” त्यांचा चेहरा पाहून ती जरा नरमली. “तुमी चांगले माणूस आहा. पण आमाले नवरे वाचवाचे होते.”

त्यांतला एकही वाचला नव्हता.

डॉक्टरांनी लेटरहेड ओढले. हा कागद लिहिला की निबंध मागे घ्यावा लागणार, हे त्यांना कळत होते. तरी त्यांनी लिहिले, की रूपराव यांचा आजार दारूमुळे झाला होता, तो वंशपरंपरेचा नव्हता. सही केली, शिक्का मारला. यावर तरी लग्न जुळेल का, असे त्यांनी विचारले.

“त्या पोराचं तं दुसरीकडे जमलं,” आनंदाबाई म्हणाली. तिने कागदाची घडी प्लॅस्टिकच्या पिशवीत ठेवली आणि ती गेली.

डॉक्टरांनी पहिल्या वर्षाची नोंदवही काढली. तानबाला शोधायला फार पाने उलटावी लागली नाहीत. दारूच्या रकान्यात ‘रोज’ असे होते. रक्ताचा नमुना घेतलेला नव्हता. शेवटच्या रकान्यात त्यांच्याच वळणदार अक्षरात लिहिले होते: दारू सुटल्यावर यावे.