डिंगोचं पोस्टर

जर्मनीतल्या गेर्लिंगेनच्या त्या नोव्हेंबरात ऑफिसातून आल्यावर बूट काढायचंही माझ्या जिवावर यायचं. नवरा कंपनीच्या कामासाठी चीनला. घरी तिसरीतली लेक आणि पुण्याहून आलेले सासरे. सासूबाई गेल्यानंतर ते पहिल्यांदाच आमच्याकडे आले होते. कसं वाटतंय विचारलं की "मला काय धाड भरलीये" म्हणून मोकळे. व्हिसा संपत आला होता, आणि या माणसाला रिकाम्या घरात एकटं कसं परत पाठवायचं, या घोराने माझी झोप उडाली होती.

लेकीला मराठी कळायचं, पण ती बोलायची जर्मन. सासऱ्यांना जर्मनचा गंध नाही. त्यामुळे दिवसभर डिझाइनच्या मीटिंगा आणि संध्याकाळी दुभाष्याची नोकरी, असा माझा दिनक्रम.

शाळेत तिला रेफेराट द्यायचं होतं, म्हणजे वर्गापुढे उभं राहून एका विषयावर बोलायचं. तिने डिंगो निवडला, ऑस्ट्रेलियातला रानकुत्रा. कुत्रा पाळायचा हट्ट आम्ही पुरवला नाही, त्याचा सूड असावा. सासऱ्यांना मात्र हुरूप आला. आपल्याकडे पोरांचे प्रोजेक्ट घरची मोठी माणसंच करतात, त्यात विचारायचं काय? जन्मभर चित्रकला शिकवलेला हात. ती शाळेतून येईपर्यंत त्यांनी भलंमोठं पोस्टर रंगवलं. मधोमध डिंगो, भोवती कांगारू, गुबगुबीत वॉम्बॅट, अंडी घालणारा काटेरी एकिडना आणि बदकाच्या चोचीचा प्लॅटिपस.

लेकीने पाहिलं आणि मान हलवली. स्वतः केलेलं नसेल तर बाई घेत नाहीत म्हणाली, आणि आपला डुकरासारखा दिसणारा डिंगो काढायला बसली. सासऱ्यांनी पोस्टर गुंडाळून कपाटामागे ठेवलं. मला दोघांचाही राग आला. समजूत घालायचं त्राण नव्हतं.

जेवणं झाल्यावर तिने आमच्यापुढे सराव केला. मी सोफ्यावर पेंगत एकेक वाक्य मराठीत सांगत होते. डिंगो आपल्या कुत्र्यांसारखा फारसा भुंकत नाही, हेही सांगितलं. शेवटी ऐकणाऱ्यांनी प्रश्न विचारायचे, अशी तिच्या वर्गाची रीत. तिने आजोबांकडे पाहिलं.

"मग एकटा पडला की काय करतो गं?"

तिने उत्तर दिलं. मी डोळे मिटूनच त्याचं मराठी केलं. "मान वर करून मोठ्याने गळा काढतो. लांब असलेल्या बाकीच्यांना ऐकू जातं, मग ते ओ देतात."

सासरे तिच्याकडे बघून म्हणाले,

"तुझी आजी गेल्यावर मला तेवढंही जमलं नाही."

मी खाडकन जागी झाले. तिला मराठी कळतं हे विसरून मी ते जर्मनमध्ये सांगायला गेले. पण लेक थांबलीच नव्हती. हातातले कागद टाकून ती त्यांच्या मांडीवर जाऊन बसली, आणि सासरे तिच्या खांद्यावर डोकं टेकून रडायला लागले.