एका कापडाला एकदाच

विद्यापीठाचा मायक्रोफोन माझ्या हातून निसटला आणि थेट बादलीत पडला. बादलीत पाणी असतं तर मी हे सांगत बसलो नसतो. आमच्या बेटावर विणून काढलेलं नवं लोकरीचं कापड ज्यात भिजवून मळतात, ते घराघरांतून आठवडेच्या आठवडे साठवून आणलेलं असतं, आणि ते गाईंचं नसतं. त्यानं तेलकटपणा जातो, रंग पक्का होतो. मायक्रोफोनचं काय होतं, हे एडिंबराच्या केल्टिक विभागातल्या एकाही ग्रंथात लिहिलेलं नाही.

कापड मळायच्या लांब पाटाभोवतीच्या बायका गायच्या थांबल्या नाहीत. ओलं कापड पाटावर आपटत, मळत, सूर्य फिरतो त्या दिशेनं हातांमागून हात सरकत होतं. टोकाला बसलेली ऑयरिकमावशी डोळे मिटून गात होती. बोट, मग बस, मग पुन्हा बोट करून मी ज्या गाण्यासाठी आलो होतो, तेच ते गाणं. मी बाही वर करून बादलीत हात घातला. मायक्रोफोन सापडेपर्यंत गाणं संपलं.

मी अगदी लाघवी आवाजात म्हटलं, मावशी, हेच पुन्हा एकदा म्हण ना.

प्रार्थना चालू असताना चर्चमध्ये शीळ घातली असती, तरी एवढी शांतता पसरली नसती.

"हा याच बेटावर जन्मला ना?" शेजारच्या मारसलीनं सगळ्यांना विचारलं. "का बोटीत बदलला?"

बोटीत नाही, पण विभागात थोडा बदललोच असणार. कारण एका कापडावर एक गाणं एकदाच म्हणायचं, हे मला आईच्या मांडीवर असल्यापासून ठाऊक होतं. दोनदा म्हटलं तर ते कापड अंगावर घेणारा माणूस घरच्या वाटेला लागला की वाट पुन्हा पहिल्यापासून सुरू होते. दार दिसतं, पण येत नाही. आणि समोरचं कापड होतं याखनचं. मावशीचा एकुलता एक मुलगा याखन मालवाहू जहाजावर होता, हिवाळ्याआधी घरी यायचा होता, आणि त्याचं जाकीट या कापडाचं शिवायचं होतं.

मावशीनं हा नियम कुणाकडून ऐकून पाळला असं नाही. नवऱ्याची होडी परत येताना तिनं खिडकीतून पाहिली होती. पोराला हाक मारून तिनं बटाटे चुलीवर चढवायला सांगितले होते. होडी काही किनाऱ्याला लागली नाही. त्याच्या जाकिटाच्या कापडावर कुणी काय म्हटलं होतं, हे ती सांगत नाही आणि आम्ही विचारत नाही.

तरुणपणी ती हेरिंग माशांच्या मागे बंदराबंदरांतून फिरली. मासे फाडून, साफ करून, मिठात भरायचे. बोटांना चिंध्या गुंडाळलेल्या, तरी सुरी लागायचीच. तिथल्या पोरींकडून तिनं गाणी घेतली, जशी इतर पोरी फिती आणि आरसे घेत होत्या. परत येऊन लग्न केलं, माग टाकला, आणि बेटावरची अर्धी माणसं तिच्या कापडात हिंडू लागली. चिलीम ओढायची, फक्त पाद्री आले की ती ॲप्रनखाली जायची. मग पाद्रीबुवांशी बोलताना ॲप्रनमधून धूर निघत असायचा आणि दोघंही हवापाण्याबद्दल बोलत राहायचे.

आता तिची नजर गेली होती. धागा दिसत नाही म्हणून हे कापड शेवटचं, असं तिनं जाहीर केलं होतं. माग पुढच्या महिन्यात पुतणीकडे जायचा होता. म्हणजे गाणंही गेलं. हे गाणं पुरतं येणारी ती एकटीच उरली होती. आमच्या विभागप्रमुखांच्या पुस्तकात त्याची पहिली काही कडवी आहेत, आणि पुढे नुसती टिंबं. त्यांनी मला पाठवलं होतं ते त्या टिंबांसाठी.

मी विनवणी केली, कापडाशिवाय म्हण. माझा पडलेला चेहरा तिला दिसला नसेल, पण ऐकू आला असावा. ती कबूल झाली. मायक्रोफोन दलदलीतून कापून आणलेल्या पीटच्या आगीसमोर वाळवला. त्याचा जो वास सुटला त्यानं मांजर घर सोडून गेलं, पण ध्वनिमुद्रण यंत्राचा काटा हलू लागला. मावशी रिकाम्या पाटाशी बसली. दोन कडवी झाली आणि तिचे हात पाटावर काहीतरी चाचपू लागले. तिसरं कडवं येईना.

"हातात काही नसलं की मला ते धरता येत नाही रे," ती म्हणाली.

मग तिचे हात पाट सोडून माझ्याकडे वळले. शेवटी माझ्या बाहीला हात लावून तिनं विचारलं, "लोकरीचा आहे का हा?"

तो माझा कोट होता. विद्यापीठात लागलो तेव्हा आईनं शहरात नेऊन घेतलेला. मी हो म्हटलं, आणि तो अंगातून कधी निघाला ते मला कळलंच नाही. मावशीनं आधी याखनचं कापड मारसलीला गोठ्यात न्यायला लावलं आणि दोन्ही दारं लावून घेतली. त्या कापडाच्या कानावर जायला नको. मग कोट बादलीत गेला.

आणि गाणं आलं. एक मुलगी किनाऱ्यावर उभी राहून प्रत्येक लाटेबरोबर काहीतरी पाठवते आहे. कंगवा पाठवते, अंगठी पाठवते, शेवटी आपलं नाव पाठवते. खिडकीतून दुपार तिरपी आत येत होती. कोट हातांमधून वळत होता, त्याच्या बाह्या पोहणाऱ्या माणसासारख्या वर येऊन पुन्हा बुडत होत्या. पाट हळूच किनाऱ्यावरून सुटला आणि आम्ही सगळे त्याच्याबरोबर कुठंतरी निघालो, असं मला वाटत राहिलं. समुद्र कंगवा परत देतो, अंगठी परत देतो. नाव तेवढं देत नाही. मग तिला घरी बोलवायचं कसं, ते कुणालाच कळत नाही. पुस्तकात टिंबं होती ती नेमकी इथं.

गाणं थांबलं, तरी आपण किनाऱ्याला लागलो हे कळायला वेळ लागला. मी डोळे पुसले आणि सवयीनं, नीट उतरलंय का ते पाहायला, फीत उलटी फिरवून बटण दाबलं. खोक्यातून मावशी गाऊ लागली, पहिल्यापासून.

बायकांनी विस्तव लागल्यासारखे हात मागे घेतले. पाटावर कोट ओलाच होता. आटून शाळकरी पोराच्या मापाचा झालेला, बाह्या पसरून तो गाणं दुसऱ्यांदा ऐकत होता. खोक्यातल्या मुलीनं अंगठी पाठवली, तेव्हा कुठं मला बटण सापडलं.

मावशीनं सावकाश चिलीम पेटवली. गोठ्याचं दार घट्ट लावलंय ना, एवढं मारसलीला विचारून घेतलं.

मी म्हटलं, "मावशी, आता हा कोट कुणी घालायचा?"

"ज्यानं बटण दाबलं, त्यानं."