चादरीवरची चिलापी

धम्मप्रियाचा एक नेम हाय. ज्यांच्यावर फिल्म, त्यांनी ती पहिली बघायची. त्यांनी 'काढ' म्हणलं की ते काढायचं. बाकीचे फिल्मवाले तिला येडी म्हणतात. म्हणू द्या. पुरात गेलेली वस्ती असो, न्हायतर गारपिटीनं झोपलेली द्राक्षबाग, नेम तिनं कधी मोडला न्हाय.

तिचा बाप त्रिंबक, अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत यंत्रमागावर. लेकीच्या फिल्मचा खेळ असला की हा कारखान्यात बाद झालेल्या डागी चादरी घेऊन हजर. रंगीत चादरी खिडक्यांना, पांढरी भिंतीला. झालं थेटर.

यंदा उजनी धरणाच्या काठावरच्या एका गावात पाणी हिरवंगार झालं, वास सुटला, चिलापी मासळी मरून काठाला लागली. मासेमारी करणाऱ्या नागूबाईनं एक मेलेली चिलापी उचलून धम्मप्रियाच्या कॅमेऱ्यापुढं धरली. दिल्लीच्या एका महोत्सवानं त्या एका दृश्यावरच फिल्म घ्यायचं कबूल केलं.

मग समाजमंदिरात भरदुपारी खेळ लागला. चादरीवर चिलापी आली आणि नागूबाई उठून उभीच राहिली.

"काढ ते!"

"आत्या, तुमीच तर धरली हुती."

"तवा रागात हुते. मेलेलं आमी खड्ड्यात पुरतो, विकत न्हाय. पण हे बघून बाजारात म्हणतील, उजनीचं मासं सडकं. माझी जिती चिलापी कोण घेईल मग, तुझा बाप?"

"घेईन की," खिडकीपाशी चादर धरून उभा असलेला त्रिंबक बोलला.

"तू? गेल्या खेपेला काटा अडकला तर गाव गोळा केलंस!"

समाजमंदिर हसलं. धम्मप्रियानं सगळ्यांसमोर लॅपटॉप उघडला आणि दृश्य उडवलं.

"आन् दिल्ली?" नागूबाईचा पुतण्या सयाजी म्हणाला.

"दिल्लीला मासं विकायचं न्हाय, आत्याला विकायचंय," धम्मप्रिया म्हणाली. "आत्या, मासा गेला. पण पाणी? ते घाण तुमी केलंय का?"

"आमी कशाला? वरनं येतंय."

"मग त्याची लाज तुमाला कशापायी? चला, वरचं दावा."

नागूबाईनं पदर खोचला. दुसऱ्या दिवशी तिच्याच होडीतनं दोघी वर गेल्या, पार फेसाळ नाला धरणात उतरतो तितवर. नागूबाईनं वल्हं आडवं टाकलं. "हितं धर कॅमेरा," म्हणाली, आणि जे बोलली त्यातल्या दोनच शिव्या तिनं मागनं काढायला लावल्या.

महोत्सवाचा फोन आला. "मॅडम, तो मासा कुठं गेला?"

"बाजारात," धम्मप्रिया म्हणाली. "फिल्म अशीच हाय. घ्यायची तर घ्या."

बघून कळवतो म्हणाले. अजून कळवलं न्हाय. तिनंही वाट बघितली न्हाय. नाल्याच्या वरच्या अंगाला जे गाव हाय, आता फिल्म त्यांच्यावरबी हाय, म्हणून तिथल्या शाळेत परवा चादर लागली. खिडकीपाशी त्रिंबक, आणि पुढच्या रांगेत, कुणी न बोलावता, नागूबाई.